दुसऱ्याच्या देण्यापायी आपल्या मालमत्तेवर जप्ती : त्रयस्थाने काय करावे?

दिवाणी न्यायालयाचा बेलिफ जप्तीचे वॉरंट घेऊन गावात येतो, तेव्हा त्याच्या हातातील कागदावर देणेकरी म्हणून बहुधा एकाच इसमाचे नाव असते. परंतु ज्या घराच्या उंबरठ्याशी तो येऊन उभा राहतो, त्या घरातील प्रत्येक वस्तू त्या एका इसमाचीच असते असे क्वचितच घडते. ओसरीवरील शिवणयंत्र विधवा बहिणीचे असते; पडवीतील फवारणी पंप शेजाऱ्याने दोन दिवसांपूर्वी ठेवावयास दिलेला असतो; गोठ्यातील दोन बैलांपैकी एक सावडीचा असतो; आणि घरधनी एखाद्या संस्थेचा चिटणीस असला, तर फळीवरील वजनकाटा त्या संस्थेच्या मालकीचा असतो. बेलिफाला यापैकी काहीच ठाऊक नसते. धनकोने दाखविलेली आणि घरात आढळलेली वस्तू तो पंचांसमक्ष यादीत नमूद करतो व ताब्यात घेतो. ‘अहो, हे माझे आहे’ असे त्याला सांगून फारसा उपयोग होत नाही. मालकी ठरविण्याचा अधिकार त्याला नाही. तो न्यायालयाला आहे.

अशा प्रसंगी खरा मालक पुष्कळदा दोनपैकी एक चूक करतो. एक तर तो बेलिफाशी हुज्जत घालतो, प्रसंगी वस्तू हिसकावून घेतो आणि दुसऱ्याच्या दिवाणी प्रकरणातून स्वतःवर फौजदारी प्रकरण ओढवून घेतो. नाहीतर, वस्तू माझी आहे हे साऱ्या गावाला ठाऊक आहे, तेव्हा न्यायालयालाही ते कळेलच, अशा समजुतीने तो स्वस्थ बसतो. दुसरी चूक पहिलीहून महाग पडते. न्यायालयाला कोणी सांगितल्यावाचून कळत नाही, आणि वेळ टळून गेल्यावर सांगितलेले ते बहुधा ऐकूनही घेत नाही. गावात अशा वेळी लोक सल्ल्यासाठी ज्यांच्याकडे धाव घेतात ते सरपंच, शिक्षक आणि शासकीय कर्मचारी यांना या विषयाची नीट माहिती असणे म्हणूनच अगत्याचे आहे.

जप्ती कोणत्या मालमत्तेवर होऊ शकते?

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ हा या विषयाचा मूळ कायदा होय. पैशांच्या दाव्यात वादीच्या बाजूने निकाल लागला म्हणजे न्यायालय हुकूमनामा देते. तेवढ्याने पैसे हाती पडत नाहीत. हुकूमनामेदाराला पुन्हा न्यायालयाकडे अर्ज करून त्याची बजावणी मागावी लागते. आपल्याकडे या अर्जाला ‘दरखास्त’ म्हणण्याची जुनी वहिवाट आहे. दरखास्तीत ऋणकोची मालमत्ता जप्त करून लिलावाने विकण्याची मागणी करता येते.

या अधिकाराची मर्यादा संहितेच्या कलम ६० मध्ये आखून दिलेली आहे. जी मालमत्ता ऋणकोच्या मालकीची आहे, किंवा जिची स्वतःच्या फायद्यासाठी विल्हेवाट लावण्याची सत्ता त्याला आहे, तीच जप्त होऊ शकते. ऋणकोकडे जेवढा हक्क आहे तेवढाच धनकोच्या हाती येतो. त्याहून रतिभरही जास्त येत नाही. आठ आणे हिस्सेदाराच्या देण्यासाठी शेताचा आठ आणे हिस्साच विकता येतो. गहाण जमीन विकली गेली, तरी ती गहाणाच्या बोजासह विकली जाते. हे एकच तत्त्व मनात नीट ठसले, तर पुढील सर्व नियम आपोआप उलगडतात.

याच कलमाने ऋणकोच्या स्वतःच्या मालकीच्या काही वस्तूंनाही संरक्षण दिले आहे. अंगावरील कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, कारागिराची हत्यारे, शेतकऱ्याची अवजारे, तसेच उपजीविकेसाठी न्यायालयाच्या मते आवश्यक असलेली त्याची जनावरे व बियाणे यांवर जप्ती आणता येत नाही. शेतकरी, मजूर किंवा घरगडी यांचे राहते घरही सामान्यतः जप्तीबाहेर असते. धार्मिक रूढीप्रमाणे स्त्रीने अंगावेगळे करू नये असे अलंकार, उदाहरणार्थ मंगळसूत्र, याच वर्गात मोडतात. मात्र ‘वस्तू माझीच आहे, पण कायद्याने जप्त होऊ शकत नाही’ ही ऋणकोची तक्रार आणि ‘वस्तू त्याची नव्हेच, माझी आहे’ हे त्रयस्थाचे म्हणणे या दोन गोष्टी भिन्न आहेत. प्रस्तुत लेखाचा विषय दुसरी गोष्ट हा आहे.

जप्तीची वार्ता कशी कळते?

जंगम मालमत्तेची जप्ती लपून राहत नाही. वस्तू प्रत्यक्ष उचलून नेली जाते. गुरे, शेतीची अवजारे किंवा हलविण्यास अवघड अशा वस्तू असल्या, तर आदेश २१, नियम ४३-अ प्रमाणे त्या गावातच एखाद्या प्रतिष्ठित व्यक्तीच्या ताब्यात ठेवता येतात. ऋणको किंवा हुकूमनामेदार यांच्याप्रमाणेच, त्या वस्तूत आपला हितसंबंध आहे असे म्हणणारी त्रयस्थ व्यक्तीही तशी विनंती करू शकते. बैलाचा किंवा मळणीयंत्राचा खरा मालक आपणच आहोत असे ज्याचे म्हणणे असेल, त्याने निदान वस्तू गावाबाहेर जाऊ नये यासाठी ही विनंती जागच्या जागी करावी. ज्या गृहस्थाच्या ताब्यात वस्तू दिली जाते, त्यानेही हे लक्षात ठेवावे की, रीतसर सूचना मिळाल्यावर ती हजर केली नाही तर भरपाई द्यावी लागते. सरपंचाने किंवा गुरुजींनी केवळ भीडेखातर अशा कागदावर सही करणे शहाणपणाचे नाही. नाशवंत माल, किंवा जो सांभाळण्याचा खर्च किमतीपेक्षा अधिक होईल असा माल, जप्ती करणारा अधिकारी लगेच विकून टाकू शकतो. भाजीपाल्याच्या बाबतीत म्हणूनच एका दिवसाचा विलंबही घातक ठरतो.

स्थावराची गोष्ट निराळी आहे. घर किंवा शेत कोणी उचलून नेत नाही. तेथे जप्ती म्हणजे मालमत्ता विकण्यास किंवा तिच्यावर बोजा चढविण्यास ऋणकोला केलेली मनाई होय. घरात राहणारा राहतो, शेत कसणारा कसतो, नांगरट-पेरणी चालू राहते. त्यामुळे ज्याच्या हक्कावर घाला येत आहे त्याला काही घडले आहे याची जाणीवही होत नाही. जंगमाच्या जप्तीत आरडाओरडा असतो, तर स्थावराची जप्ती मुकी असते. लिलाव होऊन खरेदीदार ताबा मागावयास आला म्हणजे मग धावपळ सुरू होते.

ही जप्ती मुकी राहू नये म्हणून नियम ५४ मध्ये जाहीर करण्याची रीत सांगितली आहे. मनाईहुकूम त्या मालमत्तेच्या जागी किंवा तिच्या लगत दवंडी पिटून अथवा रूढ पद्धतीने पुकारावयाचा असतो. त्याची प्रत मालमत्तेच्या ठळक भागावर आणि न्यायालयाच्या इमारतीत लावावयाची असते. जमीन सरकारला सारा देणारी असेल, तर जिल्हाधिकाऱ्यांच्या कार्यालयातही ती लावली जाते. गावच्या हद्दीतील जमीन असेल, तर एक प्रत त्या गावच्या ग्रामपंचायतीच्या कार्यालयातही लावली पाहिजे. पंचायतीच्या फलकावरील हा कागद सहसा कोणी वाचत नाही. मागील ग्रामसभेची सूचना, लसीकरणाचे पत्रक आणि पाणीपट्टीची यादी यांच्या गर्दीत तो हरवून जातो. कायदा पंचायतीकडून कागद लावू देण्यापलीकडे अधिक अपेक्षा करीत नाही. परंतु सचिवाने त्याची आवक नोंदवहीत तारखेसह नोंद केली, आणि गट क्रमांक पाहून त्या जमिनीशी ज्यांचा संबंध आहे त्यांना निरोप धाडला, तर कित्येक कुटुंबांचे नुकसान टळेल. सहहिस्सेदार मुंबईला गिरणगावात किंवा सुरतेला कामाला गेलेला असतो. त्याला पोस्टकार्डाने वा दूरध्वनीने कळविणारे गावात कोणीतरी असावे लागते.

अवधी फार मोठा नसतो. विक्रीचा जाहीरनामा न्यायालयाच्या इमारतीत लावल्यापासून स्थावर मालमत्तेच्या बाबतीत किमान पंधरा दिवस आणि जंगमाच्या बाबतीत किमान सात दिवस गेल्यावर लिलाव होऊ शकतो, असे नियम ६८ सांगतो. १९७६ च्या दुरुस्तीपूर्वी हीच मुदत अनुक्रमे तीस आणि पंधरा दिवसांची होती.

१९७६ चा मोठा बदल

या विषयात जुन्या समजुतीने चालणाऱ्यांचे सर्वांत मोठे नुकसान होते ते येथे.

१८५९ च्या पहिल्या दिवाणी प्रक्रिया संहितेपासून तिऱ्हाइताच्या हरकतीची पद्धत जवळजवळ एकसारखी चालत आली होती. न्यायालय हरकतीची चौकशी करीत असे. परंतु ती संक्षिप्त स्वरूपाची असे, आणि तिचा भर मुख्यतः जप्तीच्या दिवशी वस्तू कोणाच्या ताब्यात होती या प्रश्नावर असे. मालकीचा सखोल निवाडा तेथे होत नसे. ज्याच्याविरुद्ध निर्णय लागला त्याला एक वर्षाच्या आत स्वतंत्र दावा लावून आपला हक्क शाबीत करण्याची मुभा होती. याचा परिणाम असा झाला की, हरकतीचा अर्ज ही एक प्राथमिक चकमक समजली जाऊ लागली. ‘आता दोन ओळींचा अर्ज टाकून ठेवू, खरी लढाई नंतर दाव्यात करू’ असे पक्षकारही म्हणत आणि त्यांचे सल्लागारही. एकाच वस्तूच्या मालकीवरून दोनदा साक्षी होत, दोनदा खर्च होई, आणि हुकूमनामेदार बिचारा वर्षानुवर्षे ताटकळत राही.

१९७६ च्या दुरुस्ती कायद्याने, जो १ फेब्रुवारी १९७७ पासून अमलात आला, हे चित्र पालटले. नवीन नियम ५८ प्रमाणे हरकत चालविणाऱ्या न्यायालयानेच मालकी, हक्क व हितसंबंध यांबाबतचे सर्व प्रश्न निकालात काढावयाचे असतात. त्यासाठी स्वतंत्र दावा लावता येत नाही. न्यायालयाचा निर्णय हुकूमनाम्यासारखाच बंधनकारक असतो आणि त्यावर हुकूमनाम्याप्रमाणे अपील करता येते. कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांचा निर्णय असल्यास अपील जिल्हा न्यायालयाकडे तीस दिवसांत करावे लागते.

याचा व्यवहारातील अर्थ स्पष्ट आहे. हरकतीचा अर्ज हाच आता दावा झाला आहे. त्यात जे कागद दाखल केले नाहीत, जे साक्षीदार तपासले नाहीत, ते पुढे दुसऱ्या दाव्यात दाखविण्याची संधी नाही. ज्याने अर्धवट तयारीने हरकत घेतली आणि ती फेटाळली गेली, त्याचा हक्क त्या हुकूमनामेदारापुरता संपला असे समजावे. कायद्याने एक दरवाजा बंद करून दुसरा अधिक रुंद केला, हे खरे. परंतु गावोगाव अजूनही बंद दरवाजाकडेच बोट दाखविणारे सल्लागार भेटतात. माझ्या मते या विषयातील निम्मी हानी कायद्याने होत नाही. ती पन्नास वर्षांपूर्वी रद्द झालेल्या नियमाच्या आठवणीने होते.

स्वतंत्र दाव्याची वाट एकाच प्रसंगी उरली आहे. मालमत्ता आधीच विकली गेली आहे, किंवा हरकत मुद्दाम वा विनाकारण उशिरा घेतली आहे, असे कारण देऊन न्यायालयाने ती ऐकण्यासच नकार दिला, तर त्या व्यक्तीला आपला हक्क शाबीत करण्यासाठी दावा लावता येतो. पण वस्तू एकदा परक्याच्या हाती गेल्यावर लावलेला दावा आणि ती न्यायालयाच्या ताब्यात असताना घेतलेली हरकत यांत केवढे अंतर आहे, हे सांगावयास नको.

हरकतीचा अर्ज आणि पुरावा

ज्या न्यायालयात दरखास्त चालू आहे, तेथेच अर्ज करावयाचा असतो. एकाच मालमत्तेवर अनेक न्यायालयांची जप्ती असेल, तर त्यांपैकी सर्वांत वरच्या दर्जाचे न्यायालय हरकत ऐकते; सर्व एकाच दर्जाची असल्यास ज्याची जप्ती पहिली ते न्यायालय. अर्जात हुकूमनामेदार आणि ऋणको या दोघांनाही सामील करावे. वस्तू आपल्याकडे कशी आली, केव्हा आली आणि ती ऋणकोच्या घरात किंवा नावावर का आढळली, हे तिन्ही प्रश्न अर्जातच मिटवावेत. तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर बहुतेक अर्जांत नसते, आणि उलटतपासणीत नेमका तोच विचारला जातो. लिलावाची तारीख लागली असेल, तर नियम ५९ प्रमाणे विक्री तहकूब करण्याची मागणी त्याच वेळी करावी. स्थावराच्या बाबतीत न्यायालय लिलाव होऊ देऊन तो कायम करणे थांबवू शकते. तहकुबीसाठी तारण मागण्याचाही त्याला अधिकार आहे.

वस्तू ज्याच्या ताब्यात आढळते, तोच तिचा मालक असे कायदा प्रथमदर्शनी धरून चालतो. हे गृहीत खोडून काढण्याचा भार हरकतदारावर असतो. शिवणयंत्राची पावती, बैल खरेदीची बाजार समितीची पावती, ट्रॅक्टरचे नोंदणी पुस्तक, बँकेच्या कर्जखात्याचा उतारा, अशा जप्तीपूर्वीच्या कागदांना फार किंमत असते. जप्तीनंतर तयार केलेल्या प्रतिज्ञापत्रांच्या गठ्ठ्यापेक्षा जुनी, चुरगळलेली एक पावती अधिक बोलते.

स्थावराच्या बाबतीत सातबारा उतारा आणि पंचायतीच्या घरपट्टी आकारणीचा उतारा ही दोन कागदपत्रे सर्वप्रथम पुढे केली जातात. त्यांचे महत्त्व आहेच. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे अधिकार अभिलेखातील नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानली जाते. परंतु महसुली नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि ती नसल्याने मालकी नष्टही होत नाही. फेरफार व्हावयाचा राहिला म्हणून नोंदणीकृत खरेदीखत असलेल्या मालकाने घाबरून जाऊ नये. आणि केवळ घरपट्टी आपल्या नावे आहे एवढ्यावर दुसऱ्याने विसंबूनही राहू नये.

वारंवार उद्भवणाऱ्या काही प्रसंगांचा येथे थोडा विस्ताराने विचार करू.

पतीच्या देण्यासाठी पत्नीचे दागिने जप्त होणे हा प्रसंग सर्वांत क्लेशकारक असतो. माहेरून आलेले, लग्नात मिळालेले किंवा स्वकष्टाने घेतलेले दागिने हे स्त्रीधन आहे. हिंदू उत्तराधिकार अधिनियम, १९५६ च्या कलम १४ प्रमाणे हिंदू स्त्री आपल्या मालमत्तेची पूर्ण मालक असते. पतीचा स्त्रीधनावर मालकी हक्क पोहोचत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली निःसंदिग्ध शब्दांत सांगितले आहे. मात्र दागिने कपाटातून निघाले म्हणजे ते घरधन्याचेच, असे समजले जाते. लग्नातील छायाचित्रे, सराफाच्या पावत्या, माहेरच्या मंडळींची साक्ष यांचा उपयोग येथे होतो. हरकत पत्नीने स्वतःच्या नावाने घ्यावी. तिच्या वतीने ऋणको पतीच न्यायालयात बोलू लागला, तर खऱ्या हरकतीवरही संशयाची छाया पडते. विधि सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ अन्वये स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता विनामूल्य वकील मिळू शकतो. त्यासाठी तालुका विधि सेवा समितीकडे अर्ज करावा, ही माहिती शिक्षिका व अंगणवाडी सेविका यांनी घरोघरी पोहोचविण्यासारखी आहे.

एकत्र कुटुंबात थोरल्या भावाने काढलेल्या कर्जापायी सगळ्यांची जमीन जप्त होते. तेथे पहिला प्रश्न असतो तो कर्ज कशासाठी काढले होते हा. कुटुंबाच्या खऱ्या गरजेसाठी कर्त्याने काढलेले कर्ज असेल, तर साऱ्या एकत्र मिळकतीवर त्याचा भार पडू शकतो. ते त्याचे खाजगी कर्ज असेल, तर त्याच्या अविभक्त हिश्श्यापलीकडे जप्ती जाऊ शकत नाही. तो हिस्सा लिलावात विकत घेणाऱ्यालाही मग वाटपाचा दावा करूनच आपला भाग वेगळा करून घ्यावा लागतो. वडिलांचे देणे फेडणे हे मुलाचे धर्मकर्तव्य, या एकाच आधारावर पूर्वी मुलाचा हिस्साही जप्त होत असे. ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झालेल्या हिंदू उत्तराधिकार दुरुस्ती कायद्याने हा आधार त्यानंतरच्या कर्जांपुरता काढून घेतला आहे. त्याच कायद्याने मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलांच्या बरोबरीने हक्क दिला असल्यामुळे, विवाहित कन्याही आता हरकत घेऊ शकते. ती सासरी असते, आणि जप्तीची वार्ता तिच्यापर्यंत सर्वांत शेवटी पोहोचते.

जमीन मालकाची, पण पीक बटईने केलेले, अशा वेळी उभ्या पिकावर मालकाच्या देण्यासाठी जप्ती आली तर बटईदाराच्या वाट्याचे पीक तीतून वगळले जाणे न्याय्य आहे. बटईचा व्यवहार बहुधा तोंडी असतो. बियाणे-खतांच्या पावत्या आणि बांधालगतच्या शेतकऱ्यांची साक्ष हाच त्याचा पुरावा.

सर्वांत अधिक गुंतागुंत होते ती साठेखताच्या प्रकरणात. एखाद्याने घर विकत घेण्याचा करार केला, बरीचशी रक्कम दिली, आणि खरेदीखत होण्यापूर्वीच विकणाऱ्याच्या धनकोने त्या घरावर जप्ती आणली. जप्तीनंतर ऋणकोने खाजगीरीत्या केलेली विक्री त्या जप्तीखालील मागण्यांविरुद्ध निरर्थक ठरते, असे कलम ६४ सांगते. परंतु करार जप्तीपूर्वीचा आणि प्रामाणिक असेल, तर जप्ती आणणाऱ्याच्या हाती येणारा ऋणकोचा हक्कच त्या कराराने बांधलेला असतो, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९९० साली दिला. त्याच वर्षीच्या दुसऱ्या एका निर्णयात, खरेदीखत जप्तीपूर्वी लिहून झाले पण नोंदणी नंतर झाली, तरी ते लिहून दिल्याच्या दिवसापासून अमलात येते आणि नंतरच्या जप्तीस पुरून उरते, असे न्यायालयाने म्हटले. नोंदणी अधिनियम, १९०८ च्या कलम ४७ चा तो स्वाभाविक परिणाम होय. पुढे १ जुलै २००२ पासून कलम ६४ मध्ये एक पोटकलम वाढविण्यात आले. जप्तीपूर्वी केलेल्या आणि नोंदविलेल्या करारानुसार नंतर झालेल्या खाजगी हस्तांतरणास आता स्पष्ट संरक्षण आहे. ‘नोंदविलेल्या’ हा शब्द येथे कळीचा आहे. शंभर रुपयांच्या मुद्रांकावर नोटरीपुढे केलेले साठेखत घेऊन आयुष्यभराची पुंजी गुंतविणाऱ्यांना हे कोणी सांगत नाही. नोंदणीचा खर्च वाचविलेला माणूस पुढे साक्षीपुराव्याच्या खर्चात तो अनेक पटींनी भरतो.

बँकेचे किंवा सहकारी सोसायटीचे गहाण वा बोजा असलेली मालमत्ता जप्त झाली, तर जप्ती उठविण्याचीच आवश्यकता नसते. नियम ५८ प्रमाणे न्यायालय त्या बोजाच्या अधीन राहून जप्ती चालू ठेवू शकते. संस्थेने मात्र आपला बोजा वेळीच न्यायालयापुढे मांडला पाहिजे. सोसायट्यांनी आपल्या सभासदांकडून करावयाची वसुली महाराष्ट्र सहकारी संस्था नियम, १९६१ मधील नियम १०७ च्या स्वतंत्र पद्धतीने होते. तेथेही हरकतीच्या चौकशीची तरतूद आहे. मात्र हरकत वसुली अधिकाऱ्याकडे न्यावी लागते.

निकालापूर्वीची जप्ती

कधी कधी दाव्याचा निकाल लागण्यापूर्वीच जप्ती येते. प्रतिवादी हुकूमनामा निष्फळ करण्याच्या हेतूने मालमत्ता विकण्याच्या किंवा हलविण्याच्या बेतात आहे अशी न्यायालयाची खात्री पटल्यास, आदेश ३८ प्रमाणे त्याच्याकडून तारण मागता येते आणि जप्तीचा हुकूमही देता येतो. हा अधिकार कठोर असून तो अपवादानेच वापरावा, केवळ देणे वसूल होण्याची हमी म्हणून वापरू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली बजावले आहे. शेतकऱ्याच्या ताब्यातील शेतमालावर निकालापूर्वी जप्ती आणताच येत नाही.

या जप्तीवरील त्रयस्थाच्या हरकतीचा निर्णय वर सांगितलेल्या रीतीनेच होतो. शिवाय नियम १० ने आणखी एक दिलासा दिला आहे : जप्तीपूर्वी अस्तित्वात असलेल्या, दाव्यात पक्षकार नसलेल्या व्यक्तींच्या हक्कांना या जप्तीने बाध येत नाही. मात्र पुढे हुकूमनामा झाल्यावर पुन्हा नव्याने जप्ती करावी लागत नाही. जुनीच पुढे चालू राहते. दावा अजून चालू आहे म्हणून निवांत राहिलेला त्रयस्थ येथे फसतो.

उशीर झाल्यास

लिलाव पुकारला गेला म्हणजे सर्व संपले असे नाही. लिलाव कायम होईपर्यंत मालमत्ता ‘विकली गेली’ असे म्हणता येत नाही, त्यामुळे तोवर हरकत ऐकता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली ठरविले. नियम ८९ प्रमाणे, विकलेल्या स्थावर मालमत्तेत हितसंबंध असलेली व्यक्ती साठ दिवसांच्या आत जाहीरनाम्यातील येणे रक्कम आणि खरेदीदारासाठी खरेदीच्या किमतीच्या पाच टक्के रक्कम न्यायालयात भरून लिलाव रद्द करून घेऊ शकते. हा उपाय पैसेवाल्याचा आहे हे उघड आहे. आणि ताबा जाण्याची वेळ आल्यावर, ऋणकोव्यतिरिक्त ज्याला घराबाहेर काढले गेले, त्याला नियम ९९ प्रमाणे तक्रार करून आपल्या हक्काचा निवाडा मागता येतो.

हुकूमनामेदाराची बाजू

येथवर त्रयस्थाच्या बाजूने लिहिले. परंतु प्रत्येक हरकत खरी असते असे नाही. दावा लागल्याची कुणकुण लागताच जमीन मेहुण्याच्या नावे करणे, ट्रॅक्टर चुलतभावाचा आहे असे सांगणे, वाटणीपत्रावर मागील तारीख घालणे हे प्रकार तालुक्याच्या न्यायालयांना नवीन नाहीत. हुकूमनामा मिळाल्यावरच पक्षकाराच्या खऱ्या अडचणी सुरू होतात, असा अभिप्राय प्रिव्ही कौन्सिलने १८७२ साली हिंदुस्थानातील वाद्यांविषयी व्यक्त केला होता. तो आजही जुना झालेला नाही. हुकूमनामेदार हा नेहमी गब्बर सावकारच असतो, ही समजूतही चुकीची आहे. हातउसने दिलेले पैसे परत मागणारी वृद्धा, मालाची किंमत न मिळालेला छोटा दुकानदार, बांधकामाचे पैसे थकलेला गवंडी हेही हुकूमनामेदार असतात.

धनकोंना बुडविण्याच्या हेतूने केलेले स्थावराचे हस्तांतरण मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५३ प्रमाणे धनकोंच्या इच्छेनुसार रद्द होऊ शकते. सद्भावनेने आणि मोबदला देऊन घेणाऱ्या खरेदीदाराला मात्र त्याची झळ लागत नाही. पंचनाम्यावर किंवा साक्षीसाठी गावातील प्रतिष्ठितांना बोलावले जाते, तेव्हा ‘गावचा माणूस आहे, त्याला सांभाळून घ्यावे’ ही वृत्ती सोडणे आवश्यक आहे. खोट्या हरकतींचा सुळसुळाट झाला की, न्यायालय प्रत्येक हरकतीकडे संशयाने पाहू लागते. त्याची किंमत पुढच्या वेळी आपल्या शिवणयंत्रासाठी आलेली विधवा मोजते.

सार्वजनिक संस्थांची मालमत्ता

शेवटी, या मासिकाच्या बहुसंख्य वाचकांना प्रत्यक्ष कामास येणारी एक गोष्ट. ग्रामपंचायत, शाळा, देवस्थान, वाचनालय, दूध संस्था यांच्या वस्तू अनेकदा पदाधिकाऱ्यांच्या घरी ठेवलेल्या असतात. पाणीपुरवठ्याची मोटर दुरुस्तीनंतर सरपंचाच्या अंगणात पडून असते. शाळेचा संगणक चोरीच्या भीतीने सुट्टीत मुख्याध्यापकांच्या घरी नेलेला असतो. देवस्थानची समई आणि चांदीची प्रभावळ पुजाऱ्याच्या पेटीत असते. त्या गृहस्थावर खाजगी देण्यापायी जप्ती आली, तर या वस्तूही यादीत जातात. विश्वस्त म्हणून जे जवळ आहे, त्याची स्वतःच्या फायद्यासाठी विल्हेवाट लावण्याची सत्ता त्या गृहस्थाला नसते. म्हणून ते जप्तीस पात्र नाही. पण हरकत घेणार कोण? संबंधित पदाधिकारी संकोचाने गप्प बसतो, कारण आपल्यावर जप्ती आली हे त्याला चारचौघांत नको असते. आणि इतरांना वाटते की, तो पाहून घेईल.

अशा वेळी हरकत संस्थेने घ्यावयाची असते. ग्रामपंचायतीने तातडीची सभा बोलावून ठराव करावा, आणि सचिवास किंवा एखाद्या सदस्यास अर्ज दाखल करण्याचा अधिकार द्यावा. ज्याच्या घरी जप्ती झाली त्या सदस्याला हे काम देऊ नये. अर्जासोबत डेडस्टॉक रजिस्टरचा प्रमाणित उतारा, खरेदीचे बिल, अनुदानाचा मंजुरी आदेश आणि वस्तूवर कोरलेला किंवा रंगविलेला क्रमांक असल्यास त्याचे छायाचित्र जोडावे. वस्तू घरी नेताना त्या व्यक्तीकडून घेतलेली तारीखवार पोच सर्वांत मोलाची असते. रजिस्टरच्या शेरा-रकान्यात ‘दुरुस्तीनंतर अमुक यांचेकडे ठेवली, दिनांक अमुक’ एवढी एक ओळ आणि त्यांची सही असली, तर सुनावणीत सांगावयाचे फारसे काही उरत नाही.